नारळीकरांचे आकाश, आमची जमीन

कराडला १९७५ साली साहित्य संमेलन भरले होते. आमच्या भागातल्या जुन्या माणसांना त्यातल्या दोन गोष्टी आठवतात. आणीबाणी चालू होती, आणि स्वागताध्यक्ष यशवंतराव चव्हाण मंचावर असताना दुर्गाबाई भागवत अध्यक्षपदावरून गप्प राहिल्या नाहीत, जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठी त्यांनी सभेला प्रार्थना करायला लावली. तिसरी गोष्ट सहसा कोणी सांगत नाही. मराठीत नुकत्याच अंकुरलेल्या विज्ञानकथेची दखलही दुर्गाबाईंनी अध्यक्षीय भाषणात घेतली होती आणि त्या संदर्भात जयंत नारळीकरांचे नाव घेतले होते. पाटणहून कराड एसटीने तासाभराचे अंतर. नारळीकरांना लेखक म्हणून पहिली मोठी पावती मिळाली ती पुण्या-मुंबईत नव्हे, तर आमच्या कोयनेच्या काठी, असे मला थोड्या अभिमानाने सांगावेसे वाटते.

२० मे २०२५ ला नारळीकर गेले. त्यानंतर आलेल्या बहुतेक लेखांत एकच सूर होता. मोठा शास्त्रज्ञ, तरी किती साधा माणूस, विज्ञान सोपे करून सांगणारा. हे सगळे खरे आहे. पण 'सोपे करून सांगणारा' एवढ्यावर थांबले की त्यांच्या लेखनाचे मूल्यमापन करायचे राहून जाते. त्यांनी काय सोपे केले, काय अवघडच ठेवले, आणि कशाकडे पाहिलेच नाही, हे प्रश्न मला एक वाचक म्हणून कितीतरी वर्षे पडलेले आहेत. त्यातला शेवटचा प्रश्न पाटणच्या माणसाला जास्त टोचतो. का, ते पुढे येईलच.

आधी चरित्राचा ठळक भाग. जन्म कोल्हापूरचा, १९ जुलै १९३८. वडील विष्णु वासुदेव नारळीकर बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक, आई सुमती संस्कृतच्या जाणकार. बालपण वाराणसीत, मग केंब्रिज. तिथे १९५९ साली गणिताच्या ट्रायपॉसमध्ये ते सीनियर रँग्लर झाले, आणि फ्रेड हॉइल यांच्या हाताखाली १९६३ मध्ये पीएच.डी. पूर्ण केली. १९६४ साली हॉइल-नारळीकर गुरुत्वाकर्षण सिद्धांत गाजला तेव्हा त्यांचे वय २५ होते, आणि पुढच्याच वर्षी पद्मभूषण मिळाले. १९७२ मध्ये केंब्रिज सोडून ते मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले. १९८८ पासून पुण्यात आयुकाची उभारणी, २००३ पर्यंत तिथले संचालकपद. विज्ञानप्रसारासाठी युनेस्कोचा कलिंग पुरस्कार १९९६ मध्ये, पद्मविभूषण २००४ मध्ये, 'चार नगरांतले माझे विश्व' या आत्मचरित्राला साहित्य अकादमी २०१४ मध्ये, आणि २०२१ च्या नाशिक संमेलनाचे अध्यक्षपद. या यादीत कोठेही 'इथे शास्त्रज्ञ संपला आणि प्रसारक सुरू झाला' अशी रेघ मारता येत नाही. लोक ती मारतात खरे. संशोधनात मागे पडलेली माणसे प्रसाराकडे वळतात, असा आपल्याकडे एक दबका समज आहे, आणि नारळीकरांबद्दलही तो कुजबुजला गेला. मला तो मुळातच चुकीचा वाटतो. तो का चुकीचा, हे त्यांच्या कथांतूनच दिसते.

पहिली कथा कशी लिहिली गेली, ते त्यांनी स्वतः अनेकदा सांगितले आहे. अहमदाबादच्या एका परिषदेत कंटाळवाणे भाषण चालू होते, आणि नारळीकरांनी हातातल्या कागदावर गोष्ट लिहायला घेतली. ती 'कृष्णविवर'. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला ती पाठवताना त्यांनी नाव घेतले नारायण विनायक जगताप. स्वतःची आद्याक्षरे उलटी केली. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून प्रत मंगलाताईंनी लिहून काढली. बक्षीस पहिले मिळाले. हा किस्सा बहुतेक ठिकाणी गंमत म्हणून येतो. मला त्यात शिस्त दिसते. परीक्षकाला लेखकाचे नाव कळू द्यायचे नाही, म्हणजे निकालावर नावाचा भार पडणार नाही. प्रयोगात जी काळजी घ्यायची, तीच त्यांनी स्वतःच्या कथेबाबत घेतली. पद्मभूषण मिळालेल्या माणसाने नाव लपवून स्पर्धेत उतरावे, हे आपल्या साहित्यव्यवहारात आजही दुर्मीळ आहे. आपल्याकडे नाव आधी छापतात, कथा मागून येते.

'यक्षांची देणगी' हा संग्रह मला तालुक्याच्या ग्रंथालयात मिळाला तेव्हा मी आठवीत होतो. पुठ्ठा निघालेला होता, आतली चार पाने कोणी तरी फाडून नेली होती. त्यातली 'गंगाधरपंतांचे पानिपत' मी किती वेळा वाचली याचा हिशेब नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर अशा एका मुंबईत जाऊन पोचतात, जिथे पानिपत मराठ्यांनी जिंकलेले आहे. ग्रंथालयात ते स्वतःच्याच ग्रंथाचे खंड उघडतात, आणि इतिहास कोणत्या पानावर वेगळा झाला ते शोधत जातात. विश्वासरावांना लागलेली गोळी तिथे लागलेली नसते, घासून गेलेली असते. एवढाच फरक, आणि पुढचा सगळा हिंदुस्थान वेगळा.

मराठी माणसाला पानिपत जिंकून देणारी गोष्ट लिहिणे अवघड नाही. तशा कादंबऱ्यांना आपल्याकडे गिऱ्हाईक कायमच आहे. नारळीकरांचे वेगळेपण असे, की हा विजय ते गंगाधरपंतांना चाखू देत नाहीत. पंतांना आनंद होण्याआधी पुरावा हवा असतो. आणि ते त्या जगातून बाहेर फेकले जातात तेही कसे, तर आझाद मैदानावर व्याख्यान चालू असते, अध्यक्षांची खुर्ची रिकामी असते, पंतांना ते सहन होत नाही, ते जाऊन खुर्चीत बसतात. त्या जगातल्या लोकांनी अध्यक्ष आणि अध्यक्षीय भाषणे कधीच मोडीत काढलेली असतात. सभा खवळते. पानिपत जिंकलेला महाराष्ट्र आपल्या इतिहासकाराला धरून बाहेर काढतो, तो खुर्चीवर बसला म्हणून! ही मराठी सभासंस्कृतीची जी थट्टा आहे, ती समीक्षकांनी फारशी मनावर घेतलेली नाही. सगळे लक्ष शेवटच्या स्पष्टीकरणाकडे जाते, म्हणजे आपत्तीचा सिद्धांत, पुंज भौतिकी, समांतर जगे. नाशिकच्या संमेलनाला प्रकृतीमुळे अध्यक्ष नारळीकर येऊ शकले नाहीत आणि त्यावरून कुरबूर झाली, तेव्हा मला ही रिकामी खुर्चीच आठवली होती.

त्या शेवटच्या स्पष्टीकरणातच नारळीकरांची मर्यादाही आहे, ती लपवण्यात अर्थ नाही. त्यांच्या बहुतेक कथांत एक जाणकार येतो आणि दुसऱ्याला समजावून सांगतो. ऐकणारा योग्य जागी योग्य शंका विचारतो. वर्गात असा विद्यार्थी कधी भेटत नाही. पात्रांना घर असते पण घरात वास नसतो, स्वयंपाकघरातून आवाज येत नाही. 'उजव्या सोंडेचा गणपती'तली कल्पना अजोड आहे. मोबियसच्या पट्टीतून फिरून आल्यावर उजव्याचे डावे व्हावे, तसे आख्खे माणूस आणि घरातली गणपतीची मूर्ती आरशातल्यासारखी उलटून येते. सोवळ्या-ओवळ्याने जपलेल्या उजव्या सोंडेच्या कौतुकाला भूमितीने दिलेला हा चिमटा मराठी घरातच सुचू शकतो. पण ज्याचे काळीज उजवीकडे गेले त्या माणसाला आतून काय वाटले असेल, यात लेखकाला फार रस नाही. त्याला उलटलेले घड्याळ अधिक महत्त्वाचे वाटते. गुरू हॉइल यांच्या 'द ब्लॅक क्लाउड' या कादंबरीतही हाच दोष आहे, आणि हाच गुण.

'धूमकेतू' मला जास्त खटकते, आणि म्हणूनच जास्त महत्त्वाची वाटते. हौशी निरीक्षक दत्तदा धूमकेतू शोधतात. तो पृथ्वीवर आदळणार असे गणित सांगते. शास्त्रज्ञ अणुस्फोट घडवून त्याला वळवतात. इकडे दत्तदांची पत्नी इंद्राणीदेवी घरात यज्ञ करवते आणि संकट टळले ते यज्ञाने, असे मानून मोकळी होते. नारळीकर तिचे मतपरिवर्तन करत नाहीत. हा प्रामाणिकपणा मोठा आहे. एखाद्या प्रचारकाने शेवटी तिला हात जोडायला लावले असते. पण इंद्राणीदेवीला भीती कशाची वाटते, ती भीती तिने कोठे ठेवायची, हे कथा विचारत नाही. तिचा यज्ञ हा अज्ञानाचा नमुना म्हणून येतो आणि तसाच राहतो.

इथे मला पाटणला यावे लागते.

११ डिसेंबर १९६७. पहाटे ४ वाजून २१ मिनिटे. कोयनेचा भूकंप ६.३ ते ६.५ तीव्रतेचा मोजला गेला. कोयनानगर उद्ध्वस्त झाले, दीडशेहून अधिक माणसे गेली, पाटण तालुक्यातल्या गावोगावी घरे बसली. माझा जन्म नंतरचा, पण ती पहाट आमच्या घरात इतक्या वेळा सांगितली गेली, की मी तिथे होतो असेच मला वाटते. लोक कित्येक महिने थंडीत अंगणात, शेतात, गोठ्याबाहेर झोपले. ग्रामदैवताला नारळ फुटले, सत्यनारायण झाले, शांती झाल्या. आणि तीच माणसे एकमेकांना विचारत होती : धरण भरायला लागल्यापासूनच जमीन का गुरगुरायला लागली? १९६२ नंतर शिवाजीसागरात पाणी साठू लागले, तसे लहान धक्के सुरू झाले, हे आमच्या भागात कोणालाही यंत्राशिवाय माहीत होते. म्हणजे यज्ञ करणारी इंद्राणीदेवी आमच्याकडे निरीक्षणही नोंदवत होती. एकाच माणसाच्या डोक्यात दोन्ही असतात. नारळीकरांच्या कथेत ती दोन वेगवेगळ्या माणसांत वाटलेली आहेत.

आणि शास्त्र काय म्हणत होते? दख्खनचे पठार म्हणजे स्थिर, जुना, हलणार नाही असा खडक, हीच त्या वेळची मान्य समजूत होती. ती त्या पहाटे गेली. पुढे हर्ष गुप्ता आणि इतरांच्या संशोधनातून चित्र स्पष्ट होत गेले. धरणाचे पाणी भूकंप 'निर्माण' करत नाही. खडकात आधीच ताण साठलेला असतो, भेग सुटायच्या बेतात असते. पाण्याचा भार आणि भेगांतून खोल उतरलेल्या पाण्याचा दाब तिला शेवटचा धक्का देतो. गंगाधरपंतांच्या पानिपतात गोळी केसभर सरकते आणि सगळा इतिहास बदलतो. कोयनेत दाब थोडासा वाढतो आणि डोंगर हलतो. प्रस्थापित सिद्धांताला एका निरीक्षणाने धक्का देणारी, लहान कारणातून प्रचंड परिणाम घडवणारी अशी कथा महाराष्ट्राच्या मातीत घडून गेली होती, आणि ती ज्याला सगळ्यात जास्त मानवली असती त्या लेखकाची नजर वरच राहिली. कृष्णविवरे, धूमकेतू, परग्रह, यंत्रमानव. 'वामन परत न आला'मध्ये जमिनीत खोल खणले जाते खरे, पण तिथे सापडतो तो एका नष्ट झालेल्या प्रगत संस्कृतीचा ठेवा. खणलेली जमीन स्वतः काही बोलत नाही.

लेखकाने काय लिहिले नाही यावरून त्याला धारेवर धरू नये, हे मलाही कळते. नारळीकर खगोलशास्त्रज्ञ होते, भूगर्भशास्त्रज्ञ नव्हेत. तरीही मराठीत विज्ञानकथा म्हणजे अंतराळ, असे जे समीकरण घट्ट झाले त्यात त्यांच्या यशाचा वाटा आहे. मागून आलेल्या कितीतरी लेखकांनी त्यांचे आकाश उचलले, त्यांची शिस्त मात्र घेतली नाही.

ही शिस्त कशी होती याचा सर्वांत चांगला नमुना त्यांच्या मतभेदांत आहे. विश्वाला आरंभ नाही, ते सदैव तसेच आहे, हा स्थिर स्थिती सिद्धांत हॉइल, बोंडी आणि गोल्ड यांनी १९४८ मध्ये मांडला. 'बिग बँग' हे नाव हॉइलनीच नभोवाणीवरच्या भाषणात विरोधी सिद्धांताला दिले. १९६५ मध्ये पेंझियस आणि विल्सन यांना विश्वातून सर्व दिशांनी येणारे सूक्ष्मलहरींचे प्रारण सापडले आणि बहुसंख्य शास्त्रज्ञ महास्फोटाच्या बाजूला गेले. नारळीकर गेले नाहीत. १९९३ मध्ये हॉइल आणि बर्बिज यांच्याबरोबर त्यांनी स्थिर स्थितीची सुधारित आवृत्ती मांडली. तोवर कोबे उपग्रहाने त्या प्रारणाचे मोजमाप इतके नेमके करून दिले होते, की अल्पमताची वाट आणखीच अरुंद झाली होती. 'प्रसाराकडे वळलेला' माणूस पंचावन्नाव्या वर्षी असा वाद अंगावर घेत नाही.

मात्र याची एक बाजू मराठी वाचकापर्यंत धड पोचली नाही, असे माझे मत आहे. महास्फोटाचे पुरावे आणि आपल्या शंका दोन्ही ते सांगत. पण मराठीत विश्वरचनाशास्त्रावर विश्वासाने वाचावा असा आवाज जवळजवळ त्यांचा एकट्याचाच होता. त्यामुळे सामान्य वाचकाचा समज झाला, की प्रश्न अजून निम्मा-निम्मा आहे. तो तसा नव्हता. इंग्रजी वाचकाला दुसरी दहा पुस्तके उपलब्ध असतात, तिथे एका शंकेखोराचे वजन आपोआप जागेवर राहते. इथे नारळीकरांची शंका हेच अनेकांचे पाठ्यपुस्तक झाले. हा दोष त्यांचा कमी आणि आपल्या दारिद्र्याचा जास्त. दुसरा कोणी लिहायला बसलाच नाही.

त्यांच्या मुलांसाठीच्या कामाबद्दल वेगळे सांगायला नको. आयुकात दुसऱ्या शनिवारी होणारी व्याख्याने, पु. ल. देशपांडे यांच्या स्मृतीशी जोडलेली 'पुलस्त्य' ही वास्तू आणि तिथली मुक्तांगण विज्ञान शोधिका, हे पुण्याच्या मुलांच्या दोन पिढ्यांनी अनुभवले. स्वाक्षरी मागणाऱ्या मुलांना ते सांगत, पोस्टकार्डावर प्रश्न लिहून पाठवा, उत्तराखाली सही मिळेल. मीही एक कार्ड लिहिले होते. प्रश्न होता : धरण रिकामे केले तर भूकंप थांबतील का? टाकण्यापूर्वी शाळेतल्या एका शिक्षकांना दाखवले. ते म्हणाले, हा त्यांचा विषय नाही, आकाशाचे काहीतरी विचार. मग मी ते टाकलेच नाही. आज वाटते, त्यांनी उत्तर दिले असते, आणि ठाऊक नसेल तर तसे लिहिले असते.

असे वाटण्याला आधार आहे. २००८ मध्ये त्यांनी पुण्यात फलज्योतिषाची चाचणी घेतली, त्यात साताऱ्याचे नरेंद्र दाभोलकर आणि त्यांची अंधश्रद्धा निर्मूलन समिती बरोबर होती. शंभर हुशार विद्यार्थ्यांच्या आणि शंभर मतिमंद मुलांच्या जन्मवेळा घेऊन कुंडल्या तयार केल्या. २७ ज्योतिषांनी प्रत्येकी ४० कुंडल्या पाहून मूल कोणत्या गटातले ते सांगितले. सर्वांत चांगला निकाल ४० पैकी २४, सरासरी निम्म्याच्याही खाली. एका संस्थेने दोनशेच्या दोनशे तपासल्या, १०२ बरोबर आल्या. नाणे उडवून हेच झाले असते. निष्कर्षापेक्षा मला त्यातली भाषा आवडते. ज्योतिषाला त्यांनी मूर्ख म्हटले नाही, त्याला परीक्षेला बसवले, आणि परीक्षेचे नियम आधी जाहीर केले. दाभोलकर माणसाच्या दारात जाऊन बोलत, नारळीकर आकड्यांच्या दारात. दोघांची गरज होती. दाभोलकरांना २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात गोळ्या घालून मारण्यात आले.

आमच्याकडे वनकुसवड्याच्या पठारावर पवनचक्क्या आल्या, आणि त्यानंतरच्या दुष्काळी वर्षांत चक्क्या ढग पळवतात असे गावोगाव बोलले जाऊ लागले. सुशिक्षितांनी हसून सोडून दिले. खरे तर ते एक तपासता येण्याजोगे विधान होते. चक्क्या येण्याआधीचा आणि नंतरचा पाऊस, चक्क्या असलेल्या आणि नसलेल्या पठारांचा पाऊस, पात्यांची उंची आणि ढगांची उंची, एवढे एका शाळेच्या वर्गाला मांडता आले असते. नारळीकरांच्या ज्योतिषचाचणीचा नमुना समोर धरून हे करता आले असते. कोणी केले नाही. मीसुद्धा नाही.

कराडजवळ आता भूगर्भाच्या अभ्यासाची केंद्र सरकारची प्रयोगशाळा आहे, आणि पाटण तालुक्यातल्या गोठणे येथे भूकंपाच्या मुळाशी पोचण्यासाठी तीन किलोमीटर खोल विवर खणून झाले आहे. बसाल्टचा थर किती जाड, त्याखालचा ग्रॅनाइट कोठे लागतो, भेगांत पाणी किती, हे सगळे त्या विवरातून वर काढलेल्या खडकाच्या कांड्यांवरून आणि आत सोडलेल्या उपकरणांवरून वाचता येते. आसपासच्या गावांत मी विचारले तेव्हा कोणी म्हणाले तेल शोधतात, कोणी म्हणाले यानेच पुढचा धक्का येईल. एका आजींनी विचारले, तळ लागला का?